कल्लाप्पांच्या हाताची चव

— बगा, तुमीबी तेच म्हणालासा! ‘कल्लाप्पांच्या हाताची चव.’ ह्या उंबऱ्यात येऊन हे म्हणणारं तुमी चौथं, पावणं. बसा की, पाट घ्या. म्हंजे ताराबाई पार्कात तुमी हॉटेल काढणार, भिंतीवर जुन्या कोल्हापूरचं फोटू लावणार — टांगा, तंबूतलं टॉकीज, गोटीची सोडाबाटली — आन त्या फोटूखाली बसून लोकं कल्लाप्पांची मिसळ खाणार. म्हणून ह्या अंबूबाईचा, माझा, मसाला पायजे. व्हय की न्हाय? झ्याक हाय. टांगा जिता हुता तवा त्यात बसाय लाज वाटत हुती लोकास्नी, रिक्षा आली की सगळी पळत जाऊन रिक्षात बसली. आता टांगा फोटूत गेला तर डोळ्याला रुमाल! तंबूतल्या बाकड्यावर ढेकूण चावायचे, खाजवून खाजवून पिक्चर बगायचा, त्येचं कोन नाव काढत न्हाय. ढेकणाचाबी एक फोटू लावा की.

आन आमचं हॉटेल — आमचं म्हंते मी, सवय, हॉटेल कल्लाप्पांचं. गंगावेशीच्या अलीकडं, आता तिथं व्हिडिओ सेंटर हाय. अठ्ठावन साली उघडलं त्या दिवसापासनं मसाला माझा. मिरच्या भाजाय मी, खोबरं भाजाय मी, कांदा-लसूण उखळात कुटाय मी, आन हाताची चव कुणाच्या? कल्लाप्पांच्या! आवो, त्या माणसानं कांद्याला कधी हात लावला न्हाय! हसताय काय? जैन माणूस, त्यातबी कडक नेमाचं. कांदा न्हाय, लसूण न्हाय, बटाटा न्हाय, दिवस मावळायच्या आत जेवण. मी लसूण सोलाय बसले की हे रस्त्यापलीकडं जाऊन उभं. दुपारी घरनं मालकिणीचा, पद्मावतीवहिनींचा, डबा यायचा, भाकरी आन दोडका, तो गिऱ्हाइकाकडं पाठ करून खायचे. सबंध कोल्हापूर बोटं चाटतंय, आन मालकानं सोताच्या मिसळीचा एक घास कधी तोंडात घातला न्हाय! मग चव कोन बगणार? मी बगायची. रोज सकाळी मिसळीच्या कटाला उकळी आली की लांबनंच विचारायचे, ‘अंबूबाई, कसं हाय?’ मी तळहातावर थेंब घ्यायची, चाटायची, म्हणायची, ‘बरं हाय.’ मग दुकानाच्या फळ्या निघायच्या. मी बरं हाय म्हटल्याबिगर एकदाबी निघाल्या न्हाईत. मला ताप आला तर दोन दिवस हॉटेल बंद! गावाला वाटलं, कल्लाप्पांच्या घरातलं कोन गेलं.

मग पंच्याहत्तर साली पेठेतल्या लोकांनी सत्कार काढला त्यांचा. शाल, नारळ, हार, कर्णा लावलेला. मी नवं लुगडं नेसून बायकांत पुढं — आता हाक मारतील, मग मारतील. एक मास्तर तासभर बोलला, हाताची चव, हाताची चव. मग कल्लाप्पा उठले, हात जोडले, म्हणाले, ‘ही सगळी माझ्या आईच्या हाताची चव.’ आईच्या! ती म्हातारी लसणाच्या वासानं वकायची वो! टाळ्या काय पडल्या. मीबी वाजवल्या. दुसऱ्या दिवशी पोत्यात खोबरं खवट निघालं. फेकायचं हुतं. न्हाय फेकलं, भाजलं आन घातलं. ‘अंबूबाई, कसं हाय?’ म्हटलं, बरं हाय.

— आता हे मी तुमास्नी कशापायी सांगाय लागले? चा घ्या, निवला.

तर एका दिवसाचंच हुतं ते. वाटलं, गिऱ्हाईक बोंबलंल, हे आत येतील, म्हणतील, अंबूबाई, चुकलं माझं. कुठलं काय! गिऱ्हाईक कुरकुराय लागलं तर हे गिऱ्हाइकावरच खवळायचे — ‘तोंडाची चव गेली तुमच्या! अंबूबाईनं बरं हाय म्हटलंय!’ असं चारचौघांत, मोठ्यानं. मी आत ऐकायची. तवा तरी गप खोबरं बदलावं का न्हाय माणसानं? पर बदललं तर आदलं खवट हुतं ते कळतंय. पोतं सरलं तरी तसलंच खवट घ्यायची, आन उद्या बदलीन म्हणायची. तीन वर्षं उद्याच म्हणत हुते. आन हे तुमचं डोळं पुसणारं कोल्हापूर एकेक करून समोरच्या हॉटेलात जाऊन बसलं. शेवटच्या वर्षात त्यातला एक तरी फिरकला हुता का? इचारा की त्यास्नी.

हॉटेल बंद करायच्या दिवशी कल्लाप्पा आत आले. म्हणाले, ‘एक ताटली वाढा.’ मला वाटलं कुणी आलंय बाहेर. तर सोताच बसले चुलीपुढं मांडी घालून. म्हटलं, ‘मालक, लसूण हाय.’ म्हणाले, ‘असू दे, वीस वर्षं लोकास्नी काय खायला घातलं ते तरी बगू.’ खाल्ली. घाम फुटला, नाक गळाय लागलं, पर खाल्ली सगळी. ताटलीत पाणी घालून तेबी प्याले, जैनांत तसं असतंय, ताटात कण ठेवायचा न्हाय. आन हसून मला इचारलं, ‘ह्याच्यापायी रांगा लागत हुत्या व्हय, अंबूबाई?’

तवा सांगायचं हुतं. न्हाय मालक, ह्याच्यापायी न्हाय. ती येगळी हुती, लै चांगली हुती, ही मी नासवलीया. तोंडाशी आलतं, पर न्हाय सांगितलं. मान खाली घालून भांडी घासत बसले. वडगावला लेकीकडं गेले ते, आन तिथंच वारले. आपल्या हॉटेलाची तेवढीच एक ताटली खाऊन गेला तो माणूस. वाईट वाटतंय मला. रोज वाटतंय.

काय? काय म्हणालासा? बोर्डावर? माझं? ‘अंबूबाईंची मिसळ’ — मोठ्या अक्षरात? आन उद्घाटनाला खुर्चीत बसवून शाल...

आता व्हय.

न्हाय पावणं. ज्याला खरी वाढायची हुती त्याला नासकी वाढली मी, आन आता तुमच्या फोटूखाली बसणाऱ्यास्नी खरी वाढू व्हय? उठा. मसाला न्हाय, न्हाय म्हंजे न्हाय. तो पेढ्याचा पुडाबी उचला. आन जाताना दार जरा जोरात ओढा, बसत न्हाय ते.