डाव्या हाताची मुरड

...आणि वर आमची ही मलाच विचारते, "अहो, एवढं काय आहे त्यात?" एवढं काय आहे म्हणजे? तुम्हाला सांगतो, चाळीस वर्षं मी कोट शिवले, विजारी शिवल्या, एका बँडवाल्याला तर लागोपाठ अकरा वर्षं अकरा कोट शिवले, दरवर्षी पोटाला एक इंच वाढवून, पण मैद्याला म्हणून कधी बोट लावलं नव्हतं. मी शिंपी आहे हो, आचारी नव्हे. मला कापड द्या, कसलंही द्या, निसरडं द्या, जाळीचं द्या, बेततो. पण मैद्याचा उभा धागा कुठला आणि आडवा कुठला, हे सांगेल का मला कुणी?

त्याचं असं आहे, की वर्षातली ती मोठी सुट्टी आली की आमच्या घरी सकाळच्या न्याहारीला सारण भरलेल्या गोड पेस्ट्र्या लागतात. लागतात म्हणजे लागतातच. आत सफरचंद, मनुका, अक्रोड, दालचिनी, बाहेर लोण्यात मळलेला मैदा, गोल लाटायचं, अर्ध्यात दुमडायचं, कडेला मुरड घालायची आणि ओव्हनमध्ये सरकवायचं. लग्न झाल्यापासून हे सगळं आमची ही करते. माझं काम काय? खाणे. आणि आमची एकुलती एक लेक, ती तर पाच वर्षांची होती तेव्हापासून आधी कड खाते. मुरडीची एकेक चुणी तोडून, मोजत मोजत. पोटातलं सारण मागाहून. लक्षात ठेवा हे, कारण पुढे सगळं इथेच अडलंय.

दुसरी गोष्ट लक्षात ठेवा. आमची ही डावखुरी. त्यामुळे तिची मुरड जगाच्या उलटी, जगाच्या चुण्या एका बाजूला कलतात आणि हिच्या दुसऱ्या. आणि तोच डावा हात सहा महिन्यांपासून थरथरतोय.

मला आधी कळलं. दुकानातली काज-बटणं तीस वर्षं हीच करते, सुई कधी बोटाला लागली नाही, आणि एक दिवस बघतो तर पांढऱ्या शर्टावर रक्ताचा ठिपका. म्हणाली, "उजेड कमी आहे." दिवा बदलला. पुन्हा ठिपका. मग डॉक्टर. डॉक्टर कसे बोलतात माहीत आहे ना, कागदाकडे बघून, "हं... हळूहळू वाढणारं आहे... गोळ्यांनी आटोक्यात राहील... बारीक कामं जरा टाळा." बारीक कामं टाळा! अहो, तिचं आयुष्यच बारीक कामांचं आहे. बाहेर आलो तर ही पायऱ्यांवर थांबली आणि म्हणाली, "पोरीला सांगायचं नाही."

आता का सांगायचं नाही, तेही ऐका. पोरगी जहाजावरची इंजिनियर. मोठ्या मालवाहू जहाजावर तिला बोलावणं आलंय, सुट्टी झाली की दुसऱ्या दिवशी निघायचं. असंच बोलावणं दोन वर्षांपूर्वीही आलं होतं. तेव्हा नेमका माझा हर्निया निघाला. पोरीनं काय केलं? कुणाला न विचारता नकार कळवून टाकला आणि पंधरा दिवस माझ्या उशाशी बसून मोसंबी सोलली. मला कळलं सहा महिन्यांनी, तेही तिच्या मैत्रिणीकडून. मी त्या दिवशी जेवलो नाही. माझ्या पोटाला एक टाका पडला आणि पोरीचं जहाज गेलं, हे मला अजून सलतं. म्हणून ही म्हणाली, "एकदा झालं ते झालं. आता माझ्या हातापायी ती थांबली, तर मी स्वतःला माफ नाही करणार. तिच्या पानात पेस्ट्री पडली पाहिजे आणि ती माझीच वाटली पाहिजे." म्हटलं, "अगं, पण करणार कोण?" तर माझ्याकडे बघत राहिली. मी मागे वळून बघितलं, मागे कुणी नव्हतं.

मी शिंपी आहे, आचारी नव्हे, हे मी तिला त्याच वेळी सांगितलं. कुणी ऐकतंय?

झालं! रोज दुपारी दुकानाला कुलूप आणि स्वयंपाकघरात शाळा. ही खुर्चीवर, मी ओट्याशी. विचारलं, "मैदा किती?" "अंदाजानं." "लोणी?" "दिसेल इतकं." "अगं, दिसेल म्हणजे किती? गिऱ्हाईक मला म्हणालं का कधी, विजार अंदाजानं शिवा, पाय दिसतील इतकी?" शेवटी मी माझी टेप काढली, खडू काढला, ओट्यावर खुणा केल्या. गोल साडेचार इंच. जाडी दोन घड्यांची. सारण एक डाव, आणि कडेला शिवणीसाठी पाव इंच जागा. पहिली खेप ओव्हनमध्ये गेली आणि सगळीच्या सगळी उसवली. सारण असं बाहेर आलं की काय सांगू, विजारीतून खिसे लोंबावेत तसं. ही म्हणाली, "अहो, वाफ कोंडली. वर टोचायचं असतं." असं आधी सांगावं ना! दुसऱ्या खेपेला मी प्रत्येकीला वर एक छानसं काज केलं. वाफेला काज. आतून बाहेरून सारखं. ही हसली, खूप दिवसांनी हसली, आणि मला वाटलं जमतंय की.

पण मुरड! माझी मुरड पडायची उजवीकडून. ही म्हणायची, "पोरीला पहिल्याच घासाला कळेल." मी म्हटलं, कपडा उलटा करतात तशी पेस्ट्री उलटी करून ठेवू. केली. काज खाली, सारण ट्रेवर. डाव्या हातानं करायला गेलो, तर डावा हात म्हणजे जन्मभर नुसता कापड धरणारा, त्याला पुढं कधी केलंच नाही, तो काय करणार? मग मला युक्ती सुचली. दुकानातला तो उभा आरसा, गिऱ्हाईक ज्यात पोट आत घेऊन उभं राहतं तो, मी उचलून स्वयंपाकघरात आणला. उजव्या हातानं मुरड घालायची, आरशात ती डाव्या हातानं घातल्यासारखी दिसते, ती बघायची आणि मग डाव्या हाताकडून तशीच करून घ्यायची. शिंपी आपल्याच आरशासमोर उभा राहून मैद्याला चुण्या घालतोय... वयाच्या पासष्टाव्या वर्षी! पोट आत घ्यायचंही सुचलं नाही.

आणि बिघडलेला माल जायचा कुठे? वरच्या मजल्यावर वजनमापे खात्यातले निवृत्त इन्स्पेक्टर राहतात. वास आला की खाली. हातात घेऊन तोलायचे, डोळ्यांजवळ न्यायचे, चावायचे आणि निकाल द्यायचे, "नमुना क्रमांक सात. भाजणी मध्यम. कड... असमाधानकारक." आणि असमाधानकारक नमुने चार-चार संपवायचे. फुकट ते पौष्टिक! त्यांना ताकीद दिली होती, पोरगी आली की तोंडातून चकार शब्द काढायचा नाही. म्हणाले, "खात्याची गुपितं मी छत्तीस वर्षं पाळलीत."

एक दुपार मात्र सांगतो. मी तिसऱ्या की चौथ्या खेपेला वैतागून म्हणालो, "मला नाही जमत, घे, तूच कर." बोलून गेलो. ही उठली. गोल हातात घेतला, सारण भरलं, डावा अंगठा कडेला लावला... आणि हात असा थरथरला की सारण ओट्यावर. पुन्हा भरलं. पुन्हा सांडलं. मग ती त्या हाताकडे बघत राहिली, दुसऱ्या कुणाचा तरी आपल्या घरी आलेला हात असावा तशी. मी तो गोल तिच्या हातातून घेतला आणि आरशासमोर उभा राहिलो. त्या दुपारी मला डाव्या हाताची मुरड जमली. तेरा चुण्या, सगळ्या सारख्या, सगळ्या हिच्या बाजूला कललेल्या.

सुट्टीच्या सकाळी पोरगी आली. दारातच, "आई, वास बघ कसला सुटलाय!" आमची ही अंगावर शाल, डावा हात शालीत, उजव्या हातानं चहा. म्हणाली, "थंडी वाजतेय गं जरा." मी तोंडावर पीठ राहिलंय का, ते चमच्यात बघतोय. पेस्ट्र्या पानात. पोरीनं एक उचलली. कडेवरून बोट फिरवलं. सावकाश. तेवढ्यात वरचे इन्स्पेक्टर हजर, न बोलावता, एक उचलून चावले आणि म्हणाले, "वा! आधीच्या नमुन्यांपेक्षा..." मला असा खोकला आला की शेजारी पाणी घेऊन आले. पोरगी म्हणाली, "कुठले नमुने, काका?" इन्स्पेक्टर म्हणाले, "गेल्या वर्षीचे." आणि निमूट खात बसले. माणूस खात्याला जागला.

पोरीनं चार खाल्ल्या. आधी कड, मग पोट, नेहमीसारखं. आईला म्हणाली, "आई, तुझ्या हाताची सर कशाला नाही." ही लाजली. शालीतला हात मला दिसत नव्हता, पण शाल हलत होती.

दुसऱ्या दिवशी तिला पोचवायला मी बसथांब्यापर्यंत गेलो. बॅग खाली ठेवली आणि म्हणाली, "बाबा, आईचा हात कधीपासून?" मी म्हटलं, "कुठला हात?" मला खोटं शिवता येत नाही, तुम्हाला सांगतो, लगेच उसवतं. म्हणाली, "सगळ्या पेस्ट्र्यांना तेरा चुण्या होत्या, बाबा. चारही मोजल्या. आईच्या दोन कधी सारख्या झाल्यात का? एकीला अकरा, एकीला सोळा, तिसरीची मधलीच एखादी चुकलेली. आणि वर काज होतं. आई काट्यानं टोचते." चाळीस वर्षं गिऱ्हाइकं ज्या हाताला नावाजत आली, त्या हातानंच दगा दिला. म्हटलं, "मग? थांबणार तू?" तर डोळे पुसून म्हणाली, "नाही. जाते. पण दर रविवारी मला खरं काय ते कळवायचं, एकही गोष्ट न लपवता. आणि आईला सांगायचं नाही की मला कळलंय. तिला मला पाठवायचं होतं, तिनं पाठवलं, एवढंच राहू दे तिच्याकडे." बस आली. पायरीवरून वळून म्हणाली, "आणि आठ महिन्यांनी मी रजेवर येईन, तेव्हा चुण्या जरा वाकड्या घाला. नाहीतर आई पकडली जाईल."

म्हणजे बघा. हिला वाटतं, पोरीला कळलं नाही. पोरीला कळलंय, पण हिला ते कळू द्यायचं नाही. आणि मधे मी, अस्तरासारखा, दोन्हीकडून शिवलेला. तोंड दाबून बुक्क्यांचा मार! घरी आलो तर ही खुशीत, "बघा, तिला काही कळलं नाही. मी म्हणत नव्हते?" म्हटलं, "हो, तू म्हणत होतीस."

तेव्हापासून आठवड्यातून एक दुपार आरसा पुन्हा स्वयंपाकघरात. एकीला अकरा चुण्या, एकीला सोळा, तिसरीची मधलीच एक चुकवायची. सोपं वाटतं? करून बघा. हात आपला सरळच जातो, त्याला चाळीस वर्षांची सवय. आज कुठे पहिल्यांदा जमलं आणि मी ती पेस्ट्री ताटलीत ठेवून हिच्यापुढे धरली. तिनं चष्मा लावून बघितली आणि म्हणाली, "अहो, ही मधली चुणी चुकली की तुमची. लक्ष कुठे असतं?" म्हटलं, "चुकायचंच, मी शिंपी आहे, आचारी नव्हे." ती एक चुणी चुकवायला मला चौदा पेस्ट्र्या लागल्या, पण हे तिला सांगायची सोय नाही.