फ्रीजातली लाईट

— न्हाई न्हाई, सुंदरराव पाव्हनं, आधी माजं ऐका, मग न्या लेकीला धर्मापुरीला. रोहिणी आत कपडे भरतीय, भरू द्या, म्या काय तिचा हात धरला न्हाई. पर शिरूरात लोक काय म्हनतील — सासूनं सून हाकलली? कावून हाकलीन मी? एका ताटात जेवलोय आमी. पर माजा लेक मरता मरता वाचला, त्याचं काय? ह्याच फ्रीजापाशी. तुमीच दिलेला, लग्नात — नाव ठेवत न्हाई हो, लई चांगला हाय, म्हशीचं दूध ह्याच्यातच ऱ्हातं. आतला बल्ब फुटला, बुडखा आडकून बसला — बघा, आजून हाय तसाच. माजा परमेश्वर पक्कड घेऊन बसला अन् त्यानं इचारलं, "लाईट गेलीय का गं?" रोहिणी चुलीपासून म्हनली, "गेलीय की." झालं! घातली त्यानं पक्कड — भिंतीवर जाऊन आदळला, हात भाजला. अन् पलीकडच्या खोलीत पंखा गरागरा फिरतोय! मग लाईट होतीच की, कावून म्हनली गेली? मला भ्या वाटलं हो, एकुलता एक हाय. त्या भ्यानंच बोलले शेजारच्या भामाबाईपाशी — सून माज्या लेकाच्या जिवावर उठलीय म्हनून. म्हंजी — बोलता बोलता निघालं तोंडातून. तिनं गावभर केलं, त्यात माजा काय दोस?

अवो, तुमी कशाला बाह्या सारताय? वायरमन यील की. म्हनजे येतो येतो म्हनतोय, यीना. बरं, लेकीचं आवरंस्तोवर बुडखा काडायचा तर काडा, पक्कड ती तिथं हाय. आंधार हाय आत, दिसतंय का? काय म्हनलात? लाईट? गेलीय की, तेच तर सांगतीय मघापासून — थांबा! पाव्हनं, हात काडा! भायेर, भायेर! पिन लावलेली हाय! दूध नासंल म्हनून सकाळी म्याच लावली परत — आधी पिन काडा. निस्तं बटन नगं, पिन! काडली? दाखवा मला. हां.

लागलं न्हाई ना? घाम पुसा. मी... बल्बाचं म्हनले हो. तुमी करंटाचं इचारलं, म्या बल्बाचं सांगितलं. आमी दोन्हीला लाईटच म्हनतो. मग तिनं तरी दुसरं काय...

ऱ्हाऊ द्या ती पक्कड. तुमी ओट्यावर बसा जाऊन. न्हाई, आत नका येऊ माज्या मागं, म्या एकटी जाते. बसा म्हनते ना! बॅगेची चेन लावायच्या आत मला जाऊ द्या तिच्यापाशी.