धोका कमी झालाय

हवालदार : ...आता हुकूमच आलाय म्हटल्यावर मी काय करणार, साहेब? उद्यापासून तुमचा पहारा बंद.

लेखक : कारण?

हवालदार : धोका कमी झालाय म्हणे.

लेखक : कसा काय? धमक्या देणाऱ्यांना अक्कल आली, की मी मेलो?

हवालदार : तुमचं भाषण होऊन वर्ष उलटलं. लेखही कुठं येत नाहीत. माणूस बोलतच नाही तर त्याला मारणार कोण, असं मोठे साहेब म्हणाले.

लेखक : वा! सभागृह मागायला गेलो की व्यवस्थापक म्हणतो, तुमच्यामागे पोलीस असतो, म्हणजे भानगड होणार. आणि पोलीस म्हणतात, बोलत नाही तर पहारा कशाला. आई जेवू घालीना, बाप भीक मागू देईना!

बायको : मी तर म्हणते, उठू दे पहारा. दारात बंदूक बघून लेकीनं नातवंडं पाठवायची बंद केली. आणि तुमचं आपलं एकच, देवाशी भांडण.

लेखक : देवाशी माझं भांडण कधीच नव्हतं. देवाच्या नावानं दुसऱ्याचं दार जाळणाऱ्यांशी होतं.

बायको : जळलं शेवटी आपलंच ना?

लेखक : जळू दे. वाचनालयातल्या मुलांनी परवा बोलायला बोलावलंय. मी जाणार.

हवालदार : नका जाऊ, साहेब.

लेखक : का? धोका तर कमी झालाय!

हवालदार : संध्याकाळी खिडकीपाशी वाचत बसता, तेसुद्धा नका बसू.

बायको : हवालदार, काय ते सरळ बोला.

हवालदार : वहिनी... माझा मोठा मुलगा त्यांच्यात जातो.

लेखक : अरे वा! बाप माझ्या दारात आणि लेक त्यांच्या दारात. एका घरात दोन्ही नोकऱ्या!

हवालदार : हसू नका हो. जेवताना विचारतो मला. साहेब फिरायला कधी निघतात, कुठल्या रस्त्यानं जातात.

बायको : आणि तुम्ही सांगता?

हवालदार : शपथेवर सांगतो, कधी नाही. एवढंच म्हणायचो, साहेबांच्या पुढं मी चालत असतो. मग खाली मान घालून जेवायचा. कसाही असला तरी बापावर हात टाकायचा नाही तो.

लेखक : म्हणजे इतके दिवस मला सरकारनं नाही, तुमच्या पोराच्या लाजेनं जगवलं. हे वरिष्ठांच्या कानावर घातलंत?

हवालदार : पोटचा पोर आहे, साहेब.

लेखक : खरंय. मी कुणाच्या पोटचा नाही.

हवालदार : असं बोलू नका. दोनदा बदली आली, हातापाया पडून रद्द करून घेतली. का, ते तुम्हाला आज कळतंय.

(बायको उठून खिडकी लावते.)

बायको : आणि उद्या त्यानं पुन्हा विचारलं तर काय सांगाल?

हवालदार : तो आता विचारणार नाही, वहिनी. हुकूम माझ्या हातात दुपारी पडला. तो सकाळीच म्हणाला, बाबा, उद्यापासून तुम्हाला आराम.