पाहुण्यांपुढे न आखडणारी बोटे

माहितीपट करताना सर्वांत अवघड काय, असे विचाराल तर मी सांगेन, पाहुणचार. करमाडच्या सुभद्रामावशींना जुना संधिवात. सकाळी बोटे मिटलेली असतात आणि ती उघडेपर्यंत सारे घर अडून राहते. संधिवातावरचा माझा माहितीपट त्या सकाळीवाचून व्यर्थ होता. परंतु आम्ही पहाटे पोहोचलो, तर मावशींनी त्याआधीच उठून, हात शेकून, पोहे तयार ठेवलेले!

"मावशी, आम्हांला तुमची दुखरी सकाळ हवी आहे."

"पाहुणे यायचे अन् मी आखडून बसू व्हय? लोक काय म्हणतील!"

"मग आम्हांला पाहुणे समजूच नका. आम्ही घरचे."

"नक्की?"

"नक्की."

दुसऱ्या पहाटे त्या खरोखरच अंथरुणावर बसून होत्या, बोटे घट्ट मिटलेली. आम्ही हर्षभराने कॅमेरा लावला.

"ते मशीन ठेवा फळीवर," मावशी म्हणाल्या. "घरचे ना तुम्ही? चहा टाका. अन् त्या दाढीवाल्याला म्हणावं, पीठ मळ."

फळीवरचा कॅमेरा चालूच राहिला. माहितीपटातले सर्वोत्तम दृश्य तेच ठरले: दोन मिटल्या मुठींमध्ये कप धरून मावशी पीठ मळणाऱ्या आमच्या दाढीवाल्या छायाचित्रकाराला सांगत आहेत, "लई पाणी घातलं रे बाबा! घरी कुणी शिकवलं नाय का तुला?"