शेपटीचं माणूस

मुलगी : सात. बाबा, तिसऱ्यांदा मोजले मी. सातच आहेत.

गाईड : आठ.

मुलगी : हा कागद बघा ना. सकाळी माझ्या हाताने लिहिलाय. ती चौघं एका घरातली, ते छत्रीवाले नवरा-बायको, आणि या मुख्याध्यापिका बाई. चार, दोन, एक. झाले सात.

गाईड : कागदाला काय कळतंय? बुरुजाच्या पहिल्या पायरीवरच्या कडीला हात लावल्याशिवाय मी कुणाला वर सोडत नाही. लोकांना वाटतं म्हाताऱ्याची काहीतरी गंमत आहे. गंमत नाही ती, मोजणी आहे. चढताना आठ हात लागले, उतरताना सात. एक माणूस अजून तिकडे पाण्यातल्या बुरुजावर आहे.

बाई : माफ करा, मध्ये बोलते. आपण या धक्क्यावर उन्हात का उभे आहोत? पुढे ते जुनं जकातघर बघायचं होतं ना?

मुलगी : दोनच मिनिटं, बाई. बाबा, जरा बाजूला या. नाही, इकडे, लोकांना ऐकू जाईल.

गाईड : जाऊ दे की ऐकू. पाणी चढतंय. अर्ध्या तासात ही दगडी वाट दिसेनाशी होईल. कुजबुजत बसायची वेळ आहे का ही?

मुलगी : मंगळवारी पाच जण होते. आठवतंय? पाच. आणि तुम्ही सहाव्या माणसासाठी घड्याळाच्या मनोऱ्याखाली पाऊण तास थांबून राहिलात. “येईल आता, गुडघा दुखतो तिचा,” म्हणत होतात. लोक वैतागून निघून गेले. कचेरीतून पत्र आलं, पुन्हा अशी तक्रार आली तर बिल्ला जमा करा म्हणून.

गाईड : पत्र वाचलंय मी.

मुलगी : वाचलंत ना? मग आज पुन्हा तेच का?

गाईड : तेच नाही. आज खरंच एक माणूस कमी आहे. गुडघ्याचा त्रास आहे, हळू चालतंय. मागे राहिलंय.

मुलगी : तो आईचा गुडघा होता, बाबा. आई नाहीये. दोन वर्षं झाली. तुम्ही पुढे असायचात, ती सगळ्यांच्या मागे. तुम्ही तोंड, ती शेपूट. प्रत्येक मोजणीत शेवटची तीच असायची, म्हणून तुम्हाला एक माणूस कमी वाटतं. मी काय बोलतेय ते कळतंय ना?

गाईड : ती गेली हे मला माहीत आहे. तिला पोचवून आलो तेव्हा तू माझा हात धरला होतास. मंगळवारी चुकलो, कबूल. आज नाही चुकत. तू माझ्यावर ओरड, पत्र दाखव, काय वाटेल ते कर, पण आधी त्या माणसाला आण.

मुलगी : कुठल्या माणसाला? असं कुणी नाहीच आहे!

बाई : मी पुन्हा मध्ये बोलू का? तुमचं घरचं बोलणं आहे हे कळतंय मला. पण मी छत्तीस वर्षं शाळेत हजेरी घेतली आहे. सहलीत एखाद्या शिक्षकाला एक मूल कमी वाटलं, तर पट बाजूला ठेवून आधी मूल शोधायचं असतं.

मुलगी : बाई, तुम्हाला यांचं माहीत नाही.

बाई : यांचं नसेल. पण गुडघ्याला पट्टा बांधलेले एक गृहस्थ होते की आपल्यात. राखाडी टोपी, हातात वही. दोरवाल्यांच्या गल्लीत ते दारांची चित्रं काढत मागे राहिले होते. मला वाटलं, तुमच्याकडचेच असतील.

मुलगी : राखाडी टोपी…

गाईड : काय झालं?

मुलगी : अरे देवा.

गाईड : अगं, बोल ना!

मुलगी : सकाळी तिकिटाच्या खिडकीशी आले होते ते. सगळे निघायच्या बेतात होते. मी फोनवर होते. मी त्यांना हातानेच खूण केली, या, मागे उभे राहा म्हणून. लिहायचं राहिलं. फोन ठेवला आणि डोक्यातून पार गेलं.

गाईड : कुणाचा फोन?

मुलगी : दादाचा.

गाईड : माझ्याबद्दल.

मुलगी : आता ते नको, बाबा.

बाई : ते तिकडे हालतंय ते काय? बुरुजाच्या पायथ्याशी? टोपी हालवताहेत!

गाईड : तेच आहेत. वर थांबा म्हणावं. वर पाणी येत नाही. बसा म्हणावं सहा तास, चित्रं काढा हवी तेवढी. अहोऽऽ! वर जाऽऽ! उतरू नकाऽऽ!

बाई : त्यांना काही ऐकू गेलेलं दिसत नाही. उतरायला लागले.

गाईड : वारा तिकडून इकडे आहे. माझा आवाज पोचतच नाही. घाबरलाय माणूस. एकटा निघाला तर वाटेच्या कडेच्या पाचव्या खुंटीजवळ संपलं. उजवीकडचा दगड केव्हाच वाहून गेलाय, पाण्याखाली दिसत नाही तो. बाजूला हो, मी जातो.

मुलगी : तुम्ही नाही जायचं.

गाईड : ही वाट माझ्या पायांना पाठ आहे.

मुलगी : आणि मधेच विसरलात तर? बोलायचं नव्हतं मला. पण मधोमध उभे राहिलात आणि कुठे आलोय, कशाला आलोय हेच आठवलं नाही, तर मी दोघांना कशी आणू?

गाईड : बरोबर आहे तुझं. तू जा. मी इथून सांगतो.

मुलगी : माझा तरी आवाज ऐकू येईल का तुम्हाला?

गाईड : तुझा येईल, वारा तिकडून आहे. माझा तुला नाही आला तर म्हणून शिट्टी. एक वाजवली की जागच्या जागी थांबायचं. दोन वाजवल्या की सगळं ठीक. आईची शिट्टी आहे ना तुझ्याकडे? किल्ल्यांना लावलेली?

मुलगी : आहे.

गाईड : मग नीट ऐकून घे. चपला इथेच काढ. लोखंडी खुंट्या डाव्या हाताला ठेवायच्या, एक सुटली की दुसरी धरायची. पाचव्या खुंटीला चिकटून जायचं, उजवा पाय बाहेर टाकायचा नाही. सातवीनंतर सरळ बुरूज. लहानपणी आईच्या कडेवरून गेली आहेस तू, तुलाही आठवेल. जा. धावू नकोस!

बाई : पाणी घोट्याच्या वर आहे तिच्या.

गाईड : परतताना गुडघ्याला लागेल. तुम्ही जरा बाकीच्यांना मागे घ्या, बाई, या धक्क्यावर शेवाळ आहे. आणि त्या छत्रीवाल्यांना सांगा फोटो काढणं थांबवा म्हणून.

बाई : सांगितलं. नजरेनेच सांगितलं, कळलं त्यांना. तुम्ही बसता का?

गाईड : बसलो तर खुंट्या दिसणार नाहीत. तीन… चार… आता पाचवी. हां, असंच. चिकटून. शहाणी आहे. लहानपणी पाण्याला फार घाबरायची.

बाई : तुमच्यावर रागावते, पण जीव आहे तिचा.

गाईड : तेच तर अवघड होऊन बसलंय. आज ती माझ्याबरोबर का आली, मला कळत नाही असं तिला वाटतं. सकाळपासून माझ्या शेजारी चालतेय. मी सन सांगताना अडखळलो की हळूच सन सांगते, वळायचं विसरलो की कोपराने ढोसते. मी पुढे आणि तीही पुढे. मागे कोण होतं? कुणीच नाही. शेपटीला माणूस नसलं की असं होतं, बाई.

बाई : तुम्हाला कळतं का? म्हणजे, चूक होते तेव्हा?

गाईड : नंतर कळतं. आधी कळलं असतं तर चूक कशाला झाली असती? ते जाऊ द्या. पोचली ती. धरलं त्यांना.

मुलगी : बाबाऽऽ! सापडले! घाबरलेत फार! पट्टा भिजलाय, पाय टेकवत नाहीत!

गाईड : तिला कळू दे की आपण बघतोय.

(त्याच्या दोन शिट्ट्या. पाण्यावरून उत्तरादाखल दोन.)

बाई : आता येताना सगळं उलटं ना? खुंट्या उजव्या हाताला?

गाईड : हो. येताना खुंट्या उजव्या हाताला. सातवी, सहावी… पाचवीला थांबायचं. दोघांना एकदम जाता येत नाही तिथे.

मुलगी : बाबाऽऽ! पाचवीला आलोय! आधी कोणी यायचं? मी की हे?

बाई : ती विचारतेय, आधी कोण.

गाईड : आधी…

बाई : काय सांगू तिला?

गाईड : थांबा. आधी… होतं काहीतरी. दर वेळी सांगायचो. आत्ता होतं तोंडात.

बाई : पाणी गुडघ्यापर्यंत आलंय तिच्या.

गाईड : माहीत आहे मला! गप्प बसा जरा! …पाचवी खुंटी. इथे म्हातारी माणसं अडायची. मी हात द्यायला वळायचो आणि ती मागून ओरडायची. काय ओरडायची? “तुम्ही तोंड पुढे ठेवा, माझं माणूस मी…” हां! माझं माणूस मी मागून सोडते! माणूस पुढे, आपण मागे! पाठीवर हात ठेवून! बाई, वर करा तुमची ओढणी, तिचं लक्ष जाऊ दे, मी हातांनी दाखवतो. त्यांना पुढेऽऽ घाल! तू मागेऽऽ!

बाई : पुढे गेले ते. गेले! ती मागून येतेय.

गाईड : हात पाठीवर आहे ना तिचा?

बाई : आहे. अगदी तसाच.

गाईड : मग येतील. आता काही होत नाही.

बाई : या, काका, या. माझा हात धरा. वही राहू द्या, वाळेल ती. बसा इथे. ह्यांना कुणीतरी पाणी द्या हो.

गाईड : एक, दोन, तीन, चार. छत्रीवाले दोघं, सहा. बाई, सात. टोपीवाले, आठ. आठ झाले.

मुलगी : आठ. माझं चुकलं, बाबा. माणूस मी विसरले आणि आळ तुमच्यावर घातला. दिवसभर मी तुमच्याकडेच बघत होते, मागे एकदा वळूनसुद्धा पाहिलं नाही. आज दादाला फोन करते. सांगते, बाबांनी आज एक माणूस वाचवला, बिल्ल्याचं नावसुद्धा काढू नकोस. कचेरीत मी स्वतः जाते.

गाईड : ते सगळं नंतर. आधी पाय कोरडे कर. सर्दी चटकन बाधते तुला.

मुलगी : करते. बसा तुम्हीही.

गाईड : आणि एवढी मागे राहत जाऊ नकोस. किती वेळा सांगायचं? गुडघा असा, त्यात भरतीचं पाणी. एखाद्या दिवशी खरंच अडकशील आणि मी पुढे बडबड करत जकातघरापर्यंत गेलेला असेन.

मुलगी : कुणाचा गुडघा, बाबा?

गाईड : आता हे काय नवीन? तूही बाबा म्हणायला लागलीस? पोरीचं ऐकून ऐकून?

बाई : मी मंडळींना घेऊन पुढे होते. जकातघर दिसतंय इथून, आम्ही सावलीत थांबतो. सावकाश या.

मुलगी : हो. व्हा तुम्ही पुढे.

गाईड : बघ, किती समजूतदार बाई आहेत. आपण पण आटपू या आज लवकर. पोरगी घरी एकटी आहे.

मुलगी : हो.

गाईड : उशीर झाला की खिडकीत उभी राहून रडते. शेजारच्यांनी सांगितलं मला. तुला बोललो नाही, उगाच जिवाला लावून घेतेस. …अगं, काय झालं? डोळे का पुसतेस?

मुलगी : खारं पाणी उडालं. तो बिल्ला काढून द्या इकडे.

गाईड : का?

मुलगी : ओला झालाय. गंजेल. मी ठेवते माझ्याजवळ.

गाईड : धर. सांभाळून ठेव, तीस वर्षांचा आहे. आणि खरंच चल आता, फार घाबरली असेल गं ती.

मुलगी : नाही घाबरली.

गाईड : इथे उभं राहून तुला काय माहीत?

मुलगी : मला माहीत आहे हो. चला.