रेंडर लागलं की भाऊ निघायचे

बोरीकरांनो, वहिनी, आयाबायांनो,

मला बोलता येतं, थांबता येत नाही. आज मात्र सकाळपासून तोंडच उघडत नाहीये. सांभाळून घ्या.

दिवाकरभाऊ गेले. आपल्या लग्नांचं शूटिंग, मिक्सिंग करणारे आपले भाऊ. मी फुलसावंगीला मंडप बांधले, राजूरला ट्रकवर चढलो, तिथला ड्रायव्हर तर असा की... ते जाऊ द्या. कुठंच टिकलो नाही. भाऊंनी दुकानात बसवलं.

त्यांचा कॉम्प्युटर तुम्हाला माहीतच आहे. नवरीनं हार घालायला हात उचलला की हँग. हात वरच! भाऊ म्हणायचे, "थांब वो बाई, हात दुखन तुहा."

सगळं कापून-जोडून झालं की त्याची एक फिल्म बनते, त्याला रेंडर म्हणतात. त्याला आख्खी दुपार लागायची. मधे माउसला बोट लागलं तरी सॉफ्टवेअर बंद. म्हणून भाऊ कडी घालून निघायचे. कुठं? कापसाची ही वाईट सालं, घराघरात कर्ज आणि अबोला. ज्या घरात कोणी कोणाशी बोलत नाही, तिथं जाऊन बसायचे. समजावायचे नाहीत. चहा मागायचे आणि भांडायचे, "साखर कमी हाय वो माय!" भांडायला तरी माणूस तोंड उघडायचा. खरं की नाही?

मी म्हटलं, "भाऊ, नवी मशीन घ्या. अर्ध्या घंट्यात काम."

"मंग मी बसाले कवा जाऊ बे?"

भाऊंच्या हातचं एक लग्न अर्धं राहिलं. शेवंतामावशीच्या पोरीचं. मावशी समोर बसल्या आहेत. लेक लांब सासरी आहे, सीडी घेऊनच तिला भेटायला जायचं म्हणून त्या थांबल्या आहेत. मी यवतमाळला विचारून आलो. हे जुनं काम नव्या सॉफ्टवेअरमध्ये उघडत नाही. याच मशीनवर कोणीतरी बसलं पाहिजे.

काल वहिनींनी विचारलं, "तू रायतं का रे, का निघाला पुन्हा? निघत असशीन तं मशीन इकून टाकू."

मी निघायच्याच तयारीत होतो. माझी पिशवी भरलेली होती.

वहिनी, पिशवी रिकामी केली. मावशी, सकाळपासून मशीन दोनदा बंद पडली, पण बिदाईपर्यंत पोचलो आहे. तुमच्या लेकीच्या लग्नाची फिल्म पूर्ण होईल. त्यानंतरही मी इथंच राहतो.

आता सगळे उभे राहू, थोडा वेळ शांत. लहान पोरं रडली तर रडू द्या, कोणी दटावू नका.

भाऊ, तुमच्या दुकानातल्या पोराचा जय भीम घ्या.