चौथ्या मजल्यावरचे शेवटचे दार

मी, खाली सही करणारी, वय ३४ वर्षे, धंदा ध्वनिमुद्रण, राहणार कापड गिरणीच्या मागे भाड्याच्या खोलीत, एकटी, समक्ष हजर राहून सांगते की,

आम्ही तिघे एक प्रायोगिक लघुपट करत होतो. शेजारीसुद्धा एकमेकांना ओळखत नाहीत, हा त्याचा विषय. एका वयस्क नटाने अनोळखी दारांची बेल वाजवून "पाच मिनिटं बसू का?" एवढेच विचारायचे. दिग्दर्शक जिन्यातून लपून चित्रीकरण करायचा, मी त्याच्या शेजारी असे. नटाच्या शर्टाच्या आत माइक असे, त्याचा आवाज माझ्या हेडफोनमध्ये येई. त्यांना आम्ही काका म्हणायचो. अडचण आली तर त्यांनी "माझा चष्मा खाली राहिला" असे म्हणायचे ठरले होते.

काल दुपारी एका इमारतीत तीन मजल्यांवर सगळ्यांनी दार लावून घेतले. काका माइकमध्ये म्हणाले, "एवढी दारं तोंडावर आपटली, संध्याकाळपर्यंत नाक चपटं होणार." चौथ्या मजल्यावरचे शेवटचे दार चाळिशीच्या एका माणसाने उघडले. तो म्हणाला, "बाबा, आलात? आई वाट बघून थकली." काका हसत आत गेले. आतून कडी लागली.

मग एका बाईचा आवाज आला. "यांच्या चपला लपव. आधीचे पळाले होते."

काका म्हणाले, "ताई, मी तुमचा कोणी नाही. माझा चष्मा खाली राहिलाय." चष्म्याचे त्यांनी पुन्हा सांगितले. नंतर आणखी एकदा, हळू.

मी हेडफोन दिग्दर्शकाच्या कानाला लावला. तो म्हणाला, "थांब. हे लिहूनसुद्धा सुचलं नसतं." मी थांबले.

पुढे कापड ओढल्यासारखा आवाज झाला आणि माइक बंद पडला. तेव्हा मी बेल वाजवली. त्या माणसाने साखळी न काढता दार उघडले व इथे कोणी आलेले नाही असे सांगितले. त्याच्या मागे काका दुसऱ्याच कुणाचा स्वेटर घालून टेबलाशी बसलेले दिसले. माझ्याकडे बघून त्यांनी विचारले, "कोण आहे रे, बाळ?" त्यांचा अभिनय मी आठवडाभर ऐकत होते. इतका चांगला तो कधीच नव्हता.

मी पोलीस ठाण्यात येऊन शिपायांना घेऊन गेले. दाराला बाहेरून कुलूप होते. ते तोडल्यावर आत कोणी मिळाले नाही. पलंगाखाली काकांच्या चपला होत्या, शेजारी वेगळ्या मापाचा आणखी एक जोड. काकांचा अद्याप पत्ता नाही.

त्यांच्या मुलीला मी फोन केला. तिने विचारले, "त्यांच्याबरोबर कोणीच नव्हतं का?"

आज सकाळी दिग्दर्शकाने ते ध्वनिमुद्रण शेवटच्या दृश्यासाठी मागितले. मी ते ठाण्यात जमा करत आहे.

हा जबाब मला मोठ्याने वाचून दाखवला. त्यात "मला थांबवले" असे लिहिले गेले होते, ते माझ्या सांगण्यावरून "मी थांबले" असे केले. बाकी मजकूर मी सांगितला तसाच आहे.